ट्विच ड्रॉप्स गेममध्ये येत नाहीत? आधी कुठे अडलंय ते शोधा, मग हात लावा

ट्विच या लाइव्ह गेमिंगच्या साइटवर ठरावीक वेळ स्ट्रीम बघितली की गेममधली एखादी वस्तू बक्षीस मिळते, तिला ड्रॉप म्हणतात. चार तास स्ट्रीम चालू होती, गेम उघडला, स्किनचा (शस्त्राच्या किंवा पात्राच्या नव्या रूपाचा) पत्ता नाही. मग सुरू होते नेहमीची धावपळ: कुकीज उडव, अकाउंट अनलिंक कर, परत लिंक कर, स्ट्रीमरच्या चॅटमध्ये ‘भाई ड्रॉप नाही आला’ टाक. ठाणे-नवी मुंबईच्या आमच्या गेमिंग ग्रुपवर प्रत्येक मोठ्या कॅम्पेननंतर (ड्रॉप्स मिळण्याच्या ठरावीक मुदतीनंतर) हाच गोंधळ असतो, आणि बहुतेक वेळा मूळ अडचणीपेक्षा या धावपळीनेच जास्त वाट लागलेली असते.

सोसायटीत पाणी आलं नाही तर कोणी आधी नळ उखडायला घेत नाही, गच्चीवर जाऊन टाकी बघतो. ड्रॉपचंही तसंच आहे. तो तुमच्यापर्यंत चार सांध्यांतून येतो: तुमची ट्विच आणि गेम ही दोन्ही अकाउंट एकमेकांना ओळखतात का, ट्विच तुमची मिनिटं मोजतंय का, तुम्ही क्लेम, म्हणजे वस्तू ताब्यात घ्यायचं बटण, दाबलं का, आणि गेम कंपनीने वस्तू पोचवली का. यातला एकच सांधा निखळलेला असतो. तो सापडेपर्यंत कशालाही हात लावायचा नाही.

## टप्पा १: दोन मिनिटांत निदान

मोबाईल बाजूला ठेवा. संगणकावर ब्राउझरमध्ये ट्विच उघडा, वर उजव्या कोपऱ्यात आपल्या प्रोफाइलच्या चित्रावर क्लिक करा आणि ‘ड्रॉप्स अँड रिवॉर्ड्स’मध्ये जा. तिथे एका बाजूला चालू असलेली सगळी कॅम्पेन दिसतात आणि दुसऱ्या बाजूला तुमची इन्व्हेंटरी, म्हणजे तुमच्या ड्रॉप्सची यादी. आत्ता इन्व्हेंटरी उघडा. पुढचं सगळं तिथे काय दिसतंय यावर ठरतं.

- तुमच्या गेमचं नावच नाही, किंवा किती बघून झालं ते दाखवणारा टक्का शून्यावर आहे: टप्पा २ आणि ३ बघा.
- टक्का मध्येच अडकलाय, ३७ वर किंवा ६२ वर: टप्पा ४.
- १०० टक्के झालेत आणि ‘क्लेम’चं बटण तसंच आहे: टप्पा ५.
- वस्तू ‘क्लेम्ड’मध्ये दिसते पण गेममध्ये नाही: थेट टप्पा ६. अशा वेळी परत स्ट्रीम बघत बसण्यात काही अर्थ नाही, बघण्याचं काम संपलेलं आहे.

तपासणी: तुम्ही नक्की ड्रॉपबद्दलच बोलताय ना? चॅटच्या खाली जमा होतात ते चॅनल पॉइंट्स वेगळे. ते त्या एका स्ट्रीमरच्या चॅनलपुरते असतात, दुसऱ्या चॅनलवर चालत नाहीत आणि गेममधल्या वस्तूशी त्यांचा संबंध नसतो. हजारो पॉइंट्स साठवून ‘स्किन कधी मिळणार’ विचारणारे दर वेळी दोन-तीन तरी निघतात.

## टप्पा २: दोन अकाउंटची ओळख

सगळ्यात जास्त घोळ इथे होतो आणि सगळ्यात उशिरा इथेच लक्ष जातं.

पहिलं, तुमचं ट्विच अकाउंट एकच आहे का? फोनवर कधीतरी मोबाईल नंबर टाकून एक खातं उघडलेलं असतं आणि लॅपटॉपवर ईमेलने दुसरं. बघितलं एकावर, लिंक केलंय दुसऱ्यावर. फोन आणि लॅपटॉप शेजारी ठेवा आणि दोन्हीकडचं यूजरनेम अक्षर-अक्षर जुळवा. नुसतं प्रोफाइलचं चित्र सारखं दिसतंय म्हणून सोडून देऊ नका.

दुसरं, ट्विचला गेमचं कोणतं अकाउंट जोडलंय? ट्विचच्या सेटिंग्जमध्ये ‘कनेक्शन्स’ नावाचा भाग आहे. तिथे गेम कंपनीचं नाव दिसलं की लोक खूश होतात. पण नाव दिसणं म्हणजे तुमचंच अकाउंट जोडलेलं असणं नव्हे. लिंक करताना ब्राउझरमध्ये जे गेम अकाउंट आधीपासून लॉगइन असतं तेच मुकाट्याने जोडलं जातं. घरचा एकच पीसी दोघं भाऊ वापरत असतील, किंवा कोपरखैरण्याच्या एखाद्या गेमिंग कॅफेत बसून लिंक केलं असेल, तर ड्रॉप भलत्याच माणसाच्या खात्यात जाऊन बसतो. त्याला कळतही नाही, तुम्हालाही नाही.

म्हणून लिंक करण्याचा क्रम असा ठेवा:

1. गेम कंपनीच्या साइटवर जा आणि आधी लॉगआउट करा, लॉगइन दिसत असलं तरी.
2. आपल्या खात्याने नव्याने लॉगइन करा आणि गेममधलं नाव किंवा आयडी तिथे दिसतोय का ते बघा.
3. त्याच ब्राउझरमध्ये ट्विचलाही आपल्याच खात्याने लॉगइन असल्याची खात्री करा.
4. मगच लिंकचं बटण दाबा. बऱ्याच गेमचं हे बटण ट्विचवर नसतं, कंपनीच्या साइटवर असतं. ‘रस्ट’चं लिंकिंग तो बनवणाऱ्या फेसपंच कंपनीच्या ड्रॉप्सच्या पानावरून स्टीम (पीसी गेम्सचं ऑनलाइन दुकान) खात्याशी होतं. ‘एस्केप फ्रॉम टार्कोव्ह’चं त्यांच्या साइटवरच्या प्रोफाइलमधून होतं.
5. झाल्यावर दोन्हीकडे जाऊन बघा: ट्विचच्या कनेक्शन्समध्ये कंपनीचं नाव आणि कंपनीच्या साइटवर तुमचं ट्विच यूजरनेम.

कॅफेत किंवा मित्राच्या घरी हे करणार असाल तर उठण्यापूर्वी दोन्हीकडून लॉगआउट करा.

सावधान: टक्के वाढतायत म्हणजे लिंक बरोबर आहे, असं समजू नका. काही कॅम्पेनमध्ये गेम अकाउंट जोडलेलं नसतानाही मिनिटं मोजली जातात आणि अडचण थेट शेवटी कळते.

त्याहून मोठं सावधान: वैतागून अनलिंक करू नका. काही कंपन्या एकदा तोडलेली लिंक लगेच दुसरीकडे जोडू देत नाहीत, काही एका गेम खात्याला एकच ट्विच खातं चालवतात. कॅम्पेनचे शेवटचे दोन दिवस उरलेत आणि तुम्ही परत लिंक करता येण्याची वाट बघत बसलाय, अशी पाळी ओढवून घेऊ नका. लिंक तोडून परत जोडायची वेळ दोनदाच येते: चुकीचं अकाउंट जोडलंय याची पक्की खात्री झाली तर, आणि मध्यंतरी ट्विचचा पासवर्ड बदलला असेल तर. पासवर्ड बदलल्यावर बाहेरच्या कंपन्यांना दिलेली जुनी परवानगी बाद होऊ शकते. नाव यादीत दिसतं, पण लिंकमध्ये जीव नसतो.

## टप्पा ३: बघायला बसण्याआधी कॅम्पेन वाचा

कॅम्पेनच्या पानावर वाचायच्या गोष्टी फार नाहीत, पण वाचत कोणी नाही.

कोणते चॅनल? काही ड्रॉप्स त्या गेमच्या कुठल्याही पात्र स्ट्रीमवर मिळतात, आणि तिथे वेगवेगळ्या चॅनलवरची मिनिटं एकत्र धरली जातात. काही मात्र ठरावीक स्ट्रीमरचेच असतात. ‘रस्ट’मध्ये हे दोन्ही प्रकार एकाच वेळी चालू असतात, म्हणून तिथे गोंधळही दुप्पट. ‘अमुक स्ट्रीमरचं हेल्मेट’ हवं असेल तर त्याच्याच चॅनलवर बसायला हवं.

बघून मिळतो की पैसे देऊन? काही बक्षिसं चॅनलचं सबस्क्रिप्शन विकत घेतल्यावर किंवा ते दुसऱ्याला भेट म्हणून दिल्यावरच मिळतात. तिथे मिनिटांचा प्रश्नच नाही.

मिनिटं कशी धरायची? २ तास, ४ तास, ६ तास अशा तीन वस्तू असतील तर एकूण ६ तास लागणार की १२, हे पानावरून नीट समजून घ्या. बहुतेकदा एकूण धरलेलं असतं, पण गृहीत धरू नका.

वेळ कोणाची? गेम कंपन्यांच्या घोषणा अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याच्या किंवा युरोपच्या वेळेत असतात. हे गणित एकदा लिहून मॉनिटरला चिकटवा:

- पश्चिम अमेरिकेच्या उन्हाळी वेळेत १२ तास ३० मिनिटं मिळवा, हिवाळी वेळेत १३ तास ३० मिनिटं. तिकडचे सकाळचे १० म्हणजे आपल्याकडे रात्रीचे १०:३० किंवा ११:३०. त्यांचं घड्याळ मार्चच्या दुसऱ्या आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी बदलतं.
- मध्य युरोपसाठी उन्हाळ्यात ३ तास ३० मिनिटं, हिवाळ्यात ४ तास ३० मिनिटं.
- यूटीसी (जागतिक प्रमाणवेळ) लिहिलं असेल तर वर्षभर सरळ ५ तास ३० मिनिटं.

‘रविवारी रात्री ११:५९ पर्यंत, पॅसिफिक टाइम’ (म्हणजे पश्चिम अमेरिकेची वेळ) असं असेल तर आपल्याकडे सोमवारी दुपारी साडेबाराच्या आसपास, हिवाळ्यात दीडच्या आसपास मुदत संपते. म्हणजे रविवारची अख्खी रात्र हातात असते. उलट सुरुवातीची वेळ चुकली की लोक कॅम्पेन उघडण्याच्या बारा तास आधीपासून स्ट्रीम लावून बसतात. ती मिनिटं कुठेही धरली जात नाहीत.

## टप्पा ४: मिनिटं खरोखर मोजली जातायत का

स्ट्रीम उघडल्या उघडल्या तीन गोष्टी बघा: स्ट्रीम लाइव्ह आहे, शीर्षकाखाली तुमच्याच गेमचं नाव आहे, आणि ‘ड्रॉप्स एनेबल्ड’ हा टॅग लागलाय. जुना रेकॉर्ड केलेला व्हिडिओ किंवा क्लिप बघून काही मिळत नाही.

मग पंधरा मिनिटांनी इन्व्हेंटरी रिफ्रेश करा. टक्का दर मिनिटाला सरकत नाही, त्यामुळे दोन मिनिटांत घाबरून पान बंद करू नका. पंधरा-वीस मिनिटांनंतरही शून्यच असेल तर मात्र उठून कारण शोधा. रात्रभर चालू ठेवून सकाळी बघू म्हणणाऱ्यांची रात्र फुकट जाते ती इथेच.

अडकण्याची कारणं, मला वारंवार दिसतात त्या क्रमाने:

रेड. स्ट्रीमर स्ट्रीम संपवताना आपले सगळे प्रेक्षक दुसऱ्या चॅनलवर पाठवतो, आणि तुम्ही काही न करता तिकडे जाता. घणसोलीला राहणाऱ्या माझ्या भाच्याने रात्री ‘रस्ट’ची स्ट्रीम लावली आणि झोपला. सकाळी लॅपटॉप उघडला तर पडद्यावर कोणीतरी माणूस शांतपणे जलरंगात डोंगर रंगवत होता. टक्का ४१ वर. भाचा म्हणाला, ‘मामा, चित्र भारी आलंय पण.’ रात्री लावायची असेल तर जो चॅनल दिवसरात्र चालतो किंवा ज्याची वेळ तुम्हाला माहीत आहे, तोच निवडा.

गेम बदलणं. स्ट्रीमर कंटाळून मध्येच दुसरा गेम लावतो. चॅनल तोच, आवाज तोच, पण कॅटेगरी बदलली की मोजणी थांबली.

प्लेअरवर अडलेला पडदा. काही स्ट्रीमवर आधी सूचना येते आणि ‘बघायला सुरुवात करा’ अशा अर्थाचं बटण दाबावं लागतं. ते न दाबता टॅब मागे ढकलला की चित्र सुरूच झालेलं नसतं.

वीज आणि वाय-फाय. पावसाळ्यात घोडबंदर रोडच्या लोकांना हे सांगायला नको. वीज गेली, राउटर बंद, लॅपटॉप बॅटरीवर चालू. वीज आली, वाय-फाय आलं, पण प्लेअर एररचा काळा पडदा दाखवत तसाच थांबलेला. तो बऱ्याचदा आपणहून सुरू होत नाही, पान रिफ्रेश करावं लागतं. राउटरला छोटा यूपीएस लावलेला बरा. शिवाय लॅपटॉपची स्लीप सेटिंग चार्जरवर आणि बॅटरीवर वेगवेगळी असते, दोन्ही बघा.

मोबाईल डेटा. पूर्ण दर्जाची स्ट्रीम ६,००० केबीपीएसच्या आसपास असते, म्हणजे तासाला साधारण २.७ जीबी. रोजचा दीड-दोन जीबीचा पॅक असेल तर तासाच्या आत संपला, आणि त्यानंतर जो वेग उरतो त्यावर चित्र हलत नाही. दर्जा १६०पी वर आणा. दर्जा कमी केला म्हणून मिनिटं कापली जात नाहीत. फक्त लहान चॅनलवर दर्जा बदलायचा पर्याय कधीकधी नसतोच, हे आधी बघून घ्या. ठाण्याहून वाशीला लोकलमध्ये उभं राहून ड्रॉप पूर्ण करायचा नाद मात्र सोडा. स्ट्रीम सतत तुटते आणि तुम्हाला वाटतं चालू आहे.

एकाच वेळी चार टॅब. चार चॅनल उघडले म्हणून चौपट मिनिटं मिळत नाहीत, मोजणी एकाच चॅनलची होते. फोनवर एक, लॅपटॉपवर एक, तरी तेच. उलट कोणत्या ड्रॉपची मिनिटं वाढतायत हे तुमच्या हातात राहत नाही. एक टॅब ठेवा.

एक्स्टेन्शन्स. जाहिराती अडवणारी एक्स्टेन्शन्स (ब्राउझरला जोडलेले छोटे प्रोग्राम) ट्विचच्या प्लेअरशी खेळ करतात. टक्का अडकला असेल तर कुकीज वगैरे उडवण्याआधी ती बंद करून, किंवा सरळ दुसऱ्या कोऱ्या ब्राउझरमध्ये लॉगइन करून वीस मिनिटं बघा. तिथे टक्का हलला, तर दोष तुमच्या ब्राउझरमध्ये आहे हे नक्की. आवाज नको असेल तर प्लेअर म्यूट करण्यापेक्षा टॅब म्यूट करा. मी तरी तसंच करतो.

सावधान: तुमच्या जागी आपोआप ‘बघणारे’ आणि क्लेम करणारे प्रोग्राम फिरत असतात. ते वापरणं ट्विचच्या नियमांत बसत नाही, आणि त्यातल्या बऱ्याच प्रोग्रामना तुमच्या लॉगइनची किल्लीच द्यावी लागते. एका स्किनसाठी अकाउंट घालवू नका.

## टप्पा ५: क्लेम

१०० टक्के म्हणजे मिळालं, असं नाही. ट्विचवर ‘क्लेम’ दाबावंच लागतं. चॅटच्या वर सूचना येते, पण ती निसटते. म्हणून इन्व्हेंटरीतून दाबण्याची सवय लावा.

आणि क्रमाने येणाऱ्या ड्रॉप्समध्ये साधारणपणे पहिला क्लेम केल्याशिवाय दुसऱ्याची मोजणी सुरू होत नाही. पहिला ड्रॉप रात्री एक वाजता पूर्ण झाला आणि तुम्ही सकाळी आठला उठलात, तर मधले सात तास दुसऱ्याच्या खात्यात शून्य. ‘रात्रभर चालू होतं तरी एकच आला’ या तक्रारीमागे बहुतेकदा हेच असतं. म्हणून लांबलचक रात्रीपेक्षा संध्याकाळचे तुकडे बरे: एक ड्रॉप पूर्ण, क्लेम, मग पुढचा.

कॅम्पेन संपल्यानंतरही काही काळ क्लेम करता येईल या भरवशावर राहू नका. पूर्ण झाला की त्याच बैठकीत दाबा. अर्धवट टक्के पुढच्या कॅम्पेनमध्ये जमा होत नाहीत.

तपासणी: दाबल्यावर पान रिफ्रेश करा. वस्तू ‘क्लेम्ड’च्या भागात गेली का? तिथे अकाउंट जोडायला सांगणारी सूचना दिसत असेल तर टप्पा २ वर परत जा. गेली असेल तर लगेच स्क्रीनशॉट काढा, तारीख-वेळ दिसेल असा.

## टप्पा ६: गेममध्ये कुठे शोधायचं

इथून पुढे चेंडू ट्विचच्या हातात नाही. गेम कंपनी वस्तू पोचवते, आणि प्रत्येकीची जागा निराळी. ‘रस्ट’ची वस्तू स्टीम इन्व्हेंटरीत येते, ‘वॉरफ्रेम’ची गेममधल्या इनबॉक्समध्ये, ‘टार्कोव्ह’ची गेममधल्या मेसेजमध्ये. मेसेजमधून वस्तू वेळेत उचलली नाही तर ती जाते, म्हणून रोज एकदा बघा.

गेम पूर्ण बंद करून परत उघडा. मुख्य मेनूवर जाणं म्हणजे बंद करणं नव्हे. कंपनीने पोचायला जेवढा वेळ लागेल असं लिहिलंय तेवढा जाऊ द्या. एकच गेम तुम्ही पीसीवरही खेळता आणि प्लेस्टेशनवरही, तर बक्षीस कोणत्या प्लॅटफॉर्मवर मिळणार हे कॅम्पेनच्या नियमांत बघा. आणि ‘भलत्या खात्यात गेलं नसेल ना’ ही शंका असेल तर कंपनीच्या साइटवर लॉगइन करून तिथे कोणतं ट्विच नाव जोडलंय ते बघा. दहापैकी निम्मी प्रकरणं मला वाटतं तिथेच संपतात.

सावधान: नेमक्या याच काळात डिस्कॉर्ड या चॅट अ‍ॅपवर किंवा मेसेजमध्ये ‘तुमचा ड्रॉप अडकलाय, इथे क्लिक करून सोडवा’ अशा लिंक येतात आणि समोर हुबेहूब स्टीमसारखं लॉगइनचं पान उघडतं. ड्रॉप क्लेम करायला ओटीपी, कार्ड किंवा यूपीआय लागत नाही. पासवर्ड दिला गेला असेल तर आधी तो बदला आणि सगळ्या उपकरणांवरून लॉगआउट करा. पैसे गेले असतील तर लगेच सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला, १९३० वर, फोन करा. ‘उद्या बघू’ म्हणू नका, पैसे पुढे सरकण्याआधी अडवले गेले तरच काही हाती लागतं.

## टप्पा ७: तक्रार कोणाकडे आणि कशी

टक्का हलत नाही किंवा क्लेमचं बटण चालत नाही: ट्विचचा सपोर्ट. क्लेम झालं पण वस्तू नाही: गेम कंपनीचा सपोर्ट. उलट पाठवलं तर आठवडा जातो आणि उत्तर येतं, ‘कृपया तिकडे विचारा.’ स्ट्रीमरला विचारून उपयोग नाही. त्याच्याकडे ना तुमची मिनिटं असतात ना तुमची स्किन. त्याच्या चॅटमध्ये दर दोन मिनिटांनी ‘ड्रॉप?’ टाकलंत तर टाइमआउट (थोडा वेळ चॅटबंदी) तेवढा मिळेल.

तिकिटात, म्हणजे सपोर्टकडे नोंदवायच्या तक्रारीत, इतकंच लिहा, सोप्या इंग्रजीत, पाच-सहा ओळींत:

- ट्विच यूजरनेम आणि गेमचा आयडी, दोन्ही कॉपी-पेस्ट करून. हाताने टाइप करताना शून्य आणि ओ यांची अदलाबदल होते.
- कॅम्पेनचं आणि वस्तूचं नेमकं नाव, पानावर आहे तसं.
- क्लेम केल्याची तारीख आणि वेळ यूटीसीमध्ये. आपल्या वेळेतून साडेपाच तास वजा करा.
- दोन स्क्रीनशॉट: एक इन्व्हेंटरीतल्या ‘क्लेम्ड’चा, दुसरा कंपनीच्या साइटवरच्या लिंकचा.
- काय काय करून बघितलंत, एका ओळीत. नाहीतर पहिलं उत्तर ‘गेम रीस्टार्ट करा’ असंच येणार.

एकच तिकीट टाका. उत्तर आलं नाही म्हणून दुसरं, तिसरं टाकू नका. पुढचं जे सांगायचं ते त्याच तिकिटाला जोडा. आणि तिकीट बंद होईपर्यंत ट्विचचा पासवर्ड बदलू नका, यूजरनेम बदलू नका, लिंक तोडू नका. पासवर्ड चोरीला गेला असेल तर गोष्ट वेगळी: तो बदलायचाच, लिंक नव्याने करायची, आणि तसं त्याच तिकिटात कळवायचं.